पालथी ताटली

बोलोन्या, १४ नोव्हेंबर १५८७

पूज्य सिस्टर मारिया पाचिफिका यांना त्यांचा भाऊ लात्तांझिओ याचा नमस्कार.

मायना वाचून हसू नकोस. तुमच्या मदरनी मागच्या वेळी तुझ्या घरच्या नावाने लिहिलेलं माझं पत्र परत पाठवलं आणि वर चिठ्ठी जोडली, की या मठात जिनेव्रा नावाची कुणी राहत नाही. म्हणून एक ओळ तुला अहो-जाहो करून मी मोकळा झालो. आता खाली आपलं नेहमीचं.

माझी तब्येत बरी आहे. धुकं इतकं दाट पडलंय, की समोरच्या कमानीखाली चेस्टनट भाजणारा फक्त वासावरून सापडतो. संत लूकच्या दिवशी वर्ग सुरू झाले. मला या वर्षी सकाळचा पहिला तास मिळालाय. त्या वेळी जर्मन विद्यार्थी झोपेत असतात आणि आपले विद्यार्थी गैरहजर. जे येतात ते बाकाखाली पाय आपटून, लवकर सोडा म्हणून सुचवतात. आई मागच्या आठवड्यात येऊन गेली. तिचे गुडघे धरलेत, पण जिभेला काही झालेलं नाही. खोलीत पाऊल टाकताच म्हणाली, "अरे, पुस्तकांना एवढी जागा आणि बायकोला कुठे रे?" माझ्यासाठी सॉसेज, अक्रोड आणि घरची एक ताटली घेऊन आली होती. काठाचा टवका उडालाय, पण एकट्या माणसाला चालतं. तुतीची छाटणी तिने या वर्षी गडी लावून करून घेतली. रेशीमकिड्यांची खोली मात्र बंदच आहे. ते काम जिनेव्रासारखं कुणाला जमत नाही, असं ती म्हणाली आणि मग तिने विषय बदलला.

आता निकालाबद्दल. विकरसाहेबांनी, म्हणजे बिशपांच्या वतीने न्याय करणाऱ्या त्या गृहस्थांनी, तुझा अर्ज फेटाळला हे मला कळलं. फार वाईट वाटलं. बाबा गेल्यावर तू हिंमत करून लिहिलंस, की मठाची शपथ तू मनाने घेतली नव्हतीस, बाबांच्या धाकाने घेतलीस. शपथेनंतर पाच वर्षांच्या आत हे सिद्ध झालं तर शपथ रद्द होते आणि बाई आपल्या घरी जाते. पाच वर्षं उलटली की मग कुणी ऐकूनही घेत नाही. तुझी पाच वर्षं येत्या २१ जानेवारीला, संत अग्नेसच्या दिवशी पुरी होतात. म्हणजे नवं कारण सापडलं तर अजून दोन महिने हातात आहेत. पण मी तुला खोटी आशा लावणार नाही. कायदा असा आहे, की मुलीला बापाचा जो आदरयुक्त धाक वाटतो तो जबरदस्तीत धरत नाहीत. जबरदस्ती म्हणायला मारहाण लागते, कोंडणं लागतं, निदान सुरीची धमकी तरी लागते. आपल्या बाबांनी तुझ्यावर कधी बोटसुद्धा उगारलं नव्हतं.

आणि हे कुणा एकट्यादुकट्याचं म्हणणं नाही. एकोणीस डॉक्टरांनी, म्हणजे कायद्याच्या पंडितांनी, तसं लिहून ठेवलंय. आमच्या शास्त्रात ज्या बाजूला जास्त डॉक्टर, ती बाजू बरोबर धरतात. तू म्हणशील, हा काय न्याय झाला? पण तसं नसेल तर प्रत्येक न्यायाधीश आपल्या पोटदुखीप्रमाणे निकाल देईल.

तू विचारलंस, विकरसाहेबांना हे मत दिलं कुणी. सांगतो. ते अडले की प्रश्न लिहून विद्यापीठातल्या एखाद्या डॉक्टरकडे पाठवतात. त्यात खरी नावं नसतात. बापाला तितिउस म्हणायचं, मुलीला सेइया. हजार वर्षांपासून हीच नावं चालत आली आहेत. डॉक्टरने माणसांकडे न बघता प्रश्नाकडे बघावं, एवढाच त्यातला हेतू. तुझ्या कागदावर सही आहे ती दोत्तोर पोम्पेयो यांची. माझे गुरू. या विषयात त्यांच्याएवढा अधिकार आज कुणाचा नाही. तू त्यांच्यावर राग धरू नकोस, त्यांनी तुला ओळखलं असण्याचं काही कारण नाही.

मन रमवायला शीक. मठाच्या बागेत एखादं तुतीचं झाड लावू देतील का, ते मदरना विचारून बघ. नाताळात भेटायला येईन म्हणतोय, पण कामाचं नक्की सांगता येत नाही.

तुझं भलं चिंतणारा,
लात्तांझिओ, रोमन आणि चर्चच्या अशा दोन्ही कायद्यांचा डॉक्टर


बोलोन्या, २ फेब्रुवारी १५८८
मेणबत्त्यांचा सण

प्रिय सिस्टर पाचिफिका,

आज चर्चमध्ये सगळ्यांबरोबर मीही मेणबत्ती घेऊन फिरलो. वारा होता, माझी दोनदा विझली. मागच्या म्हातारीने दोन्ही वेळा पेटवून दिली आणि तिसऱ्या वेळी म्हणाली, "डॉक्टर, जरा हात आडवा धरा की!" बाकी सर्व ठीक.

तुझं पत्र नोव्हेंबराच्या अखेरीस मिळालं. पत्र म्हणजे एवढ्याच दोन ओळी: "दोत्तोर पोम्पेयोंना दोन वर्षांपासून अक्षर दिसत नाही, हे तूच मला लिहिलं होतंस. मग त्यांचं लिहितं कोण?"

मी उत्तर दिलं नाही. कामात होतो हे खरं आहे, पण उत्तर सापडत नव्हतं हे त्याहून खरं आहे. आता देतो. मी लिहितो, जिनेव्रा. त्यांच्या मोतीबिंदू झालेल्या डोळ्यांपुढे मी प्रश्न वाचतो, मी पुस्तकं काढतो, मी मसुदा करतो आणि ते बोटाने चाचपून जागा शोधतात आणि सही करतात. तुझाही कागद मीच लिहिला.

लगेच कागद फाडू नकोस, पुढचं वाच. कागद ऑगस्टमध्ये आला होता. उकाड्याने जीव नको झाला होता. दोत्तोर डोक्यावर ओलं फडकं टाकून खरबूज खात बसले होते. मी प्रश्न वाचून दाखवला.

"तितिउसने मारलं का पोरीला?"

"नाही."

"कोंडलं?"

"नाही."

"मग विचारतात कशाला? विकरांना जेवण पचलं नाही वाटतं. चल, मोज डॉक्टर."

मी मोजायला लागलो. पुस्तक काढायचं, पान काढायचं, नाव मोठ्याने वाचायचं. पंधरा झाले तेव्हा ते खरबुजाचं बी थुंकून म्हणाले, "पेरुजावाले विसरलास, लेका." पेरुजाच्या विद्यापीठातले चार निघाले. झाले एकोणीस.

"आणि विरुद्ध?"

"तीन."

"तीन! तिघांना पत्ते खेळायलासुद्धा चौथा शोधावा लागतो. लिही."

मी लिहिलं. आमच्याकडे असे तितिउस आणि अशा सेइया महिन्याला दहा येतात. कुणाचं गलबत बुडालेलं असतं, कुणाची सोयरीक मोडलेली असते. विकरसाहेबांनी सगळी हकीकत चार ओळींत आणली होती. घर ओळखू येईल असं त्यात काही नव्हतं. मला कळलं नाही, एवढंच तुला सांगू शकतो. कळलं तेव्हा निकाल लागून गेला होता.

पण आता ज्यासाठी हे पत्र लिहितोय ते सांगतो, आणि ते ऐकून तुला आनंद होईल. तुझ्या त्या दोन ओळींनी माझी झोप उडवली. एकोणीस डॉक्टर उभे कशावर आहेत ते बघू या, असं म्हणून मी खाली उतरत गेलो. एकोणिसावा अठराव्याचा हवाला देतो, अठरावा बाराव्याचा, बारावा चौथ्याचा. आणि शेवटी सगळेच्या सगळे एकाच माणसाच्या दारात येऊन थांबतात: म्हातारा बेरार्दो, जो मरून अडीचशे वर्षं झाली. त्याचं पुस्तक कधी छापलंच गेलं नाही. म्हणजे ज्याला सगळे मानतात, त्याला वाचलेलं कुणीच नाही! एक हस्तलिखित चेझेनाच्या ग्रंथालयात आहे असं समजलं. नाताळच्या आधीच्या आठवड्यात, गुडघाभर बर्फातून, भाड्याच्या खेचरावर बसून मी तिथे गेलो. खेचराचा स्वभाव आपल्या आत्यासारखा होता.

तिथली पुस्तकं बाकांना साखळीने बांधलेली आहेत. बेरार्दो सापडला, ते पानही सापडलं. आणि तिथे खरोखर लिहिलं होतं, की बापाचा धाक ही जबरदस्ती नव्हे. माझी निराशा झाली. मग मी पान उलटलं.

आमचे जुने डॉक्टर कसे लिहीत, ते तुला सांगायला हवं. आधी ते विरुद्ध बाजू मांडत, आणि ती इतक्या जोरात, की वाचणाऱ्याला वाटावं हेच यांचं मत. ती पुरती मांडून झाली, की मग 'मला मात्र हे पटत नाही' म्हणून स्वतःचं सांगत. बेरार्दोचं स्वतःचं मत पुढच्या पानावर आहे. तो म्हणतो, ज्या मुलीला त्याच घरात जेवायचं आहे, त्याच घरात झोपायचं आहे आणि जायला दुसरं दार नाही, तिच्यासाठी बापाने रोज तोंड फिरवणं हा मारच आहे, आणि मार निदान थांबतो तरी. ज्याने पहिल्यांदा त्याचा हवाला दिला त्याने पान उलटलंच नाही. बाकीच्या अठरांनी त्याची नक्कल केली. एकोणीस डॉक्टर म्हणजे एक आळशी माणूस!

मी त्या बाकावर मोठ्याने हसलो. ग्रंथपाल असलेले संन्यासी धावत आले, "काय झालं? बरं वाटत नाहीये का?"

"फार बरं वाटतंय," मी म्हटलं.

अर्थात एका प्रतीवर विसंबून चालत नाही. नक्कल करणाऱ्याची चूक असू शकते. म्हणून रिमिनीला दुसरी प्रत आहे असं कळल्यावर तिथेही जाऊन आलो. तिच्यातही तसंच आहे, फक्त दोन शब्द इकडचे तिकडे. परत आल्यावर चाळीस पानांचा प्रबंध लिहिला. एकोणिसांपैकी प्रत्येकाने कुणाची नक्कल केली ते त्यात ओळीने दाखवलंय. जिनेव्रा, मी आजवर लिहिलेलं हे सगळ्यात चांगलं काम आहे, हे मला कुणी सांगायची गरज नाही. काल ते संपलं. परवा निघतो आणि विकरसाहेबांच्या हातात स्वतः नेऊन देतो. तुझी मुदत बारा दिवसांपूर्वी उलटली आहे हे मी विसरलेलो नाही. पण इतक्या उघड चुकीपुढे माणूस तारीख धरून बसेल असं मला वाटत नाही.

त्याच दिवशी मठातही येईन. भेटीच्या खोलीतल्या जाळीपाशी ये.

उत्साहात असलेला तुझा भाऊ,
लात्तांझिओ


बोलोन्या, २ मार्च १५८८
राखेचा बुधवार

जिनेव्रा,

मदर, हे पत्र माझ्या बहिणीआधी तुम्ही उघडणार आहात. खुशाल वाचा, पण परत पाठवू नका. तुमच्या मठात जिनेव्रा नावाची कुणी राहत नसेल, तर ती का राहत नाही तेच मी इथे लिहिणार आहे.

तुला महिनाभर पत्र नाही. मी आजारी नव्हतो आणि कामातही नव्हतो. वर्गात जातो, शिकवतो, परत येतो. आज सकाळी कपाळावर राख लावून घेतली. पाद्रीबाबांचा अंगठा थंडगार होता. तिथून येऊन लिहायला बसलोय.

विकरसाहेबांकडे काय झालं ते मी तुला जाळीपाशी अर्धंच सांगितलं. माणूस वाईट नाही. त्यांनी मला शेकोटीजवळ बसवलं, गरम वाइन दिली आणि चाळीसच्या चाळीस पानं माझ्यासमोर वाचली. मधे एकदा मांडीवर थाप मारून म्हणाले, "अरे वा! म्हणजे हे सगळे आयतोबा!" वाचून झाल्यावर कागद नीट जुळवले आणि माझ्याकडे परत दिले.

"डॉक्टर, हे वीस जानेवारीला आणलं असतंत, तर मी उभ्या उभ्या कागद पुन्हा उघडले असते. आज तारीख काय?"

"पाच फेब्रुवारी."

"मग आता मी तुम्हाला कायदा शिकवायचा, की तुम्ही मला?"

मी कागद घेऊन उठलो. ते दारापर्यंत सोडायला आले आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. "बहिणीसाठी एवढी धडपड करणारा भाऊ मी पाहिला नाही. ऑगस्टमध्ये त्या आंधळ्या पोम्पेयोंच्या शेजारी तुम्ही बसला असतात, तर किती बरं झालं असतं!"

मी मान डोलावली. खरंच डोलावली, जिनेव्रा. 'किती बरं झालं असतं' याला मी होकार दिला आणि जिना उतरून तुझ्याकडे आलो.

तुझा चेहरा जाळीतून नीट दिसत नव्हता. शेजारी ती दुसरी सिस्टर जपमाळ घेऊन बसली होती. मी बेरार्दोची गोष्ट पुन्हा सांगायला लागलो तेव्हा तू मला थांबवलंस.

"चेझेनाला कधी गेला होतास, दादा?"

"पत्रात लिहिलं होतं ना, नाताळच्या आधी."

"आणि माझी पाच वर्षं?"

"संत अग्नेसच्या दिवशी."

"म्हणजे मधे महिना होता."

"अगं, दुसरी प्रत पडताळायला हवी होती. आणि नुसतं तोंडी सांगून कोण ऐकतं? नीट लिहून काढायला हवं होतं."

"हो, बरोबर," तू म्हणालीस. रागावली असतीस तर बरं झालं असतं. लहानपणी मी तुला लॅटिनचे धडे द्यायचो तेव्हा चुकलीस की जसं बोलायचीस, तसं तू ते म्हणालीस, जणू चूक तुझीच होती. मग तू दुसरं विचारलंस.

"निकाल आम्हाला सगळ्यांसमोर वाचून दाखवला. मला अजून थोडं लॅटिन कळतं. त्यात तितिउस होता, सेइया होती आणि एक गाईयुस होता. तो गाईयुस कोण, दादा?"

"अगं, ती आमची ठरलेली नावं. गाईयुस म्हणजे कुणी नाही."

"कुणीच नाही?"

"कुणीच नाही."

"बरं. मला वाटलं ओळखीचा असेल."

तेवढ्यात घंटा झाली आणि त्या सिस्टरने पडदा ओढला.

आता मी खरं लिहितो. विकरसाहेबांचा प्रश्न चार ओळींचा नव्हता, पानभर होता. तो माझ्याकडे अजून आहे आणि मी तो बघून लिहितोय: "तितिउसची मुलगी सेइया मठात जायला नको म्हणाली. तेव्हा तितिउसने राखेच्या बुधवारपासून ईस्टरपर्यंत, चाळीस दिवस, रोज दोन्ही वेळच्या जेवणाआधी टेबलावरची तिची ताटली स्वतःच्या हाताने पालथी घातली आणि 'हिचं जेवण मठात आहे' असं म्हणाला. तिला मारलं नाही. ती रोज टेबलापाशी बसे. तिच्यासमोर तिचा भाऊ गाईयुस जेवत असे. तो शिकलेला होता. तो काही बोलला नाही."

वाचता वाचता मी 'ताटली' या शब्दाशी आलो आणि मला सगळं कळलं. दोत्तोर खरबूज खात होते, त्यांना माझा आवाज बदललेला ऐकू आला असेल, नसेल. त्याच क्षणी मी एवढंच म्हणायला हवं होतं, की गुरुजी, सेइया माझी बहीण आहे. जवळच्या नातेवाइकाने लिहिलेलं मत बाद होतं, हे पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही ठाऊक असतं. प्रश्न दुसऱ्या कुणाकडे गेला असता. मी साक्षीला उभा राहू शकलो असतो. रात्री तुला चोरून पाव देणाऱ्या घरच्या मोलकरणीने, बेत्ताने, ताटलीबद्दल सांगितलंच होतं, पण एकटीची साक्ष धरत नाहीत. आई तर 'मेलेल्या नवऱ्याविरुद्ध मी बोलू?' म्हणून कानावर हात ठेवून बसली होती. दुसरा साक्षीदार हवा होता. तो खुर्चीत बसून डॉक्टर मोजत होता.

मी का बोललो नाही? हे मी महिनाभर स्वतःला विचारलं. बोललो असतो तर सगळ्यांसमोर सांगावं लागलं असतं, की चाळीस दिवस मी समोर बसून जेवलो. माझी डॉक्टरकी आणि तुझं लग्न, दोन्ही बाबांना झेपणार नव्हतं. त्यांनी ते मला सांगितलं होतं आणि मी 'जसं तुम्हाला योग्य वाटेल' म्हटलं होतं. म्हणून मी मूग गिळून बसलो होतो, तेव्हाही आणि ऑगस्टमध्येही. आणि नोव्हेंबरात तुझ्या दोन ओळी आल्या, तेव्हाही मी एक वाक्य बोलायचं सोडून बेरार्दोच्या मागे बर्फातून गेलो. कारण बेरार्दोची चूक सापडली तर माझी सांगावी लागणार नव्हती. चेझेनाला जायची गरजच नव्हती, जिनेव्रा. रिमिनीलाही नव्हती. इथून विकरसाहेबांच्या दारापर्यंत दोन दिवसांची वाट होती.

अजून एक राहिलंय, आणि ते लिहिल्याशिवाय मला हे पत्र बंद करता येणार नाही. एकोणीस डॉक्टरांचं मोजून झाल्यावर मी माझ्या मनाने एक मुद्दा घातला. माझ्या आधी तो कुणी मांडला नव्हता. मी लिहिलं: "शिवाय सेइयाचा भाऊ गाईयुस हा शिकलेला माणूस होता. तो हे सगळं पाहत असूनही गप्प राहिला. त्याअर्थी घडत होतं ते काही गंभीर नसणार, कारण असतं तर भाऊ बोलल्याशिवाय राहिला नसता."

दोत्तोर पोम्पेयोंना ती ओळ सगळ्यात जास्त आवडली. "वा, लेका! हे एकोणिसांतही कुणाला सुचलं नाही," म्हणाले आणि खरबुजाची शेवटची फोड मला दिली. मी ती खाल्ली.

बेरार्दोची गोष्ट मी त्यांनाही सांगून पाहिली. "एकोणिसांविरुद्ध एक मेलेला माणूस?" म्हणाले. "आणि आता तर ते छापखान्यात गेलंय." त्यांच्या मतांचा जाडजूड ग्रंथ मागच्या आठवड्यात बाहेर आला. तुझा कागद त्यात आहे, गाईयुसही आहे. परवा वर्गात एका पोराने हात वर करून विचारलं, "डॉक्टर, घरातले लोक गप्प राहिले तर जबरदस्ती झालीच नाही असं समजायचं ना?" मी म्हटलं, पोम्पेयो तसं म्हणतात. त्याने वहीत उतरवून घेतलं. आता विसावा डॉक्टर तो होईल, आणि त्याच्यामागून कुठल्या कुठल्या गावांतल्या सेइयांच्या कागदांवर ही ओळ चढत जाईल, आणि पान उलटायला दुसरं पानच नाही.

या पत्राची नक्कल सहीनिशी विकरसाहेबांना पाठवतोय. ते वाचतील, हळहळतील आणि तारीख बघतील. तुला काही उपयोग नाही, हे मला माहीत आहे. तुझ्या मनात थोडीफार आशा राहिली असेल तर तीसुद्धा मीच आज काढून घेतोय, कारण खोटं बोलून ती ठेवायचा मला आता कंटाळा आलाय. मला क्षमा कर, असं लिहिणार नाही. तू करशील, आणि ते मला सहन होणार नाही.

आईने नोव्हेंबरात आणलेली ताटली तीच आहे. निळ्या काठाची, फाएन्झा गावची, टवका उडालेली. आईला ती ओळखू आली नसेल, किंवा आली असेल. मी चार महिने रोज तीतच जेवतोय. आज उपासाचा पहिला दिवस. इथल्या मोलकरणीने भाजी वाढायला घेतली तेव्हा मी ती पालथी घालून ठेवली. ती म्हणाली, "डॉक्टर, उपासाला एक वेळ जेवलं तर चालतं की." मग तिने ती सरळ केली, वाढलं, आणि मी जेवलो.

तुझ्यासमोर बसून जेवणारा,
गाईयुस